आधी भंगाराच्या वजनकाट्यावर लक्ष ठेवा
शेतातल्या केबल-लोखंडाच्या चोऱ्या थांबवायला गस्त वाढवा असं काहीजण म्हणतात, पण रात्रभर विहिरीवर कोण थांबणार? उन्हाळ्यात आमच्या विहिरीवरच्या मोटारीची केबल चोरीला गेली. सकाळी बांधाआड काळी राख आणि जळक्या प्लास्टिकचा वास, बस. आवरण जाळलं की तांबं कुणाचं, हे ओळखताच येत नाही! म्हणून खरेदीच्या टोकाला आवळायला हवं. इंग्लंड आणि वेल्समध्ये २०१३ च्या कायद्याने भंगारवाल्याला परवाना लागतो, विकणाऱ्याची ओळख तपासावी लागते आणि रोखीने पैसे देता येत नाहीत. आपल्याकडे चोरीचा माल घेणं गुन्हा आहेच, पण घेणाऱ्याला ते माहीत होतं हे सिद्ध करताना दमछाक होते. कोल्हापुरी बंधाऱ्यात पाणी अडवायला लावतात ते लोखंडी बर्गे (फळ्या) चोरीला गेले, तर ते मात्र कुणीही ओळखेल. ते काट्यावर चढवून घेणाऱ्या भंगारवाल्याला काहीच कळलं नाही, हे मला पटत नाही.