आगीचा भोंगा वाजतोय आणि कुणीच जागचं हलत नाही, असं का होतं?

चौकस

नमस्कार मंडळी. परवा भर दुपारी ऑफिसात आगीचा भोंगा वाजला. मजल्यावर चाळीसेक माणसं होती. सगळ्यांनी माना वर केल्या, शेजारच्याकडे पाहिलं, शेजारचा बसलाय म्हटल्यावर पुन्हा स्क्रीनमध्ये डोकं घातलं. एकाने तर आवाजाचा त्रास नको म्हणून हेडफोन चढवले. मी पर्स उचलली आणि जिन्याकडे निघाले. दाराशी वळून पाहिलं तर पाच-सहा जण उठले होते, आणि मी पहिला मजला उतरेपर्यंत मागे सगळा जिना भरला होता. भोंगा बिघाडामुळे वाजला हे खाली गेल्यावर कळलं.

ही सगळी शिकलेली, एरवी साध्या ईमेलमध्येही दहा शंका काढणारी माणसं. भोंगा कशासाठी असतो हे प्रत्येकाला ठाऊक होतं. मग बसून का राहिली? आणि भोंग्याने उठली नाहीत ती मी उठल्यावर कशी उठली? याला भीती म्हणायची, आळस म्हणायचा की आणखी काही? कुणी यावर अभ्यास केला असेल किंवा अशा ठिकाणी काम केलं असेल तर जरूर लिहा. पुढच्या वेळी आग खरी असू शकते, म्हणून मनातून जात नाहीये.

सावली

मानसशास्त्र शिकतेय, म्हणून लिहिते. तुमचा प्रसंग जवळजवळ असाच घडवून पाहिलेला आहे. अमेरिकेत लाताने आणि डार्ली या दोघांनी 1968 साली प्रसिद्ध केलेला प्रयोग. विद्यार्थ्यांना खोलीत फॉर्म भरायला बसवलं आणि भिंतीतल्या झरोक्यातून धूर सोडला. खोलीत एकटं असणाऱ्यांपैकी 75 टक्के जणांनी बाहेर जाऊन कळवलं. पण सोबत असे दोघे बसवले, ज्यांना धुराकडे लक्ष द्यायचं नाही असं आधीच पढवलं होतं, तेव्हा कळवणारे उरले फक्त 10 टक्के. बाकीचे खोकत, डोळे चोळत, हाताने धूर बाजूला सारत फॉर्म भरत राहिले. नंतर विचारलं तर कुणी म्हणे वाफ वाटली, कुणी म्हणे एसीचं काहीतरी असेल.

मुलं भित्री किंवा आळशी नव्हती. काय चाललंय हे स्पष्ट नसलं की आपण दुसऱ्याच्या चेहऱ्यावरून अंदाज घेतो. अडचण अशी की दुसराही तेच करत असतो, आणि आपण बावरलोय हे दिसू नये म्हणून दोघांचेही चेहरे शांत. मग प्रत्येकाला वाटतं की बाकीच्यांना काहीतरी माहीत आहे. वर्गात 'समजलं का?' विचारल्यावर एकही हात वर येत नाही, तेही याच कारणाने.

तुमच्या दुसऱ्या प्रश्नावर समाजशास्त्रज्ञ मार्क ग्रॅनोव्हेटर यांची 1978 सालची मांडणी वाचा. किती जण उठल्यावर मी उठेन, याचा प्रत्येकाचा आकडा वेगळा असतो. कुणाचा शून्य, कुणाचा एक, कुणाचा दहा. तुमचा त्या दिवशी शून्य होता. एक आकड्यावाला उठला, मग दोनवाला, आणि साखळी चालू झाली. यातली मला सगळ्यात अस्वस्थ करणारी गोष्ट ही, की तो एक आकड्यावाला त्या दिवशी रजेवर असता तर बाकीची सगळी माणसं तीच असूनही तुम्ही एकट्याच खाली उतरला असता.

रोखठोक

एवढं खोलात कशाला जायचं? गर्दीच्या मानसशास्त्रावर लिहिणाऱ्या ल बाँ या फ्रेंच लेखकाने 1895 मध्येच सांगून ठेवलंय, माणूस गर्दीत शिरला की त्याची अक्कल गहाण पडते. आज बसून राहिले, उद्या खरी आग लागली की हेच लोक एकमेकांना तुडवून पळतील. गर्दीला डोकं नसतं.

विंगेतला माणूस

रोखठोक, तुमचं म्हणणं मला अजिबात पटत नाही आणि हे मी रागाने नाही, कळकळीने लिहितोय. माझं आयुष्य सभागृहांची व्यवस्था बघण्यात गेलं. प्रेक्षक आत घेणं, बाहेर काढणं, रंगीत तालमीसारखी आगीची तालीम घेणं, हेच काम. लोक भराभर तुडवत सुटले म्हणून काळजी वाटावी असं क्वचित होतं. काळजी वाटते ती लोक हलत नाहीत याची. पडदा खाली येतो, दिवे लागतात, बाहेर पडा अशी घोषणा होते, आणि माणसं पर्स शोधतात, पाण्याची बाटली उचलतात, रांगेच्या टोकाचा उठायची वाट बघतात. उठल्यावर सगळे आले त्याच मोठ्या दाराकडे निघतात. तीन खुर्च्यांवर बाजूचं दार असतं, वर हिरवी पाटी पेटलेली असते, तिकडे कुणी बघतही नाही. पण आमचा माणूस ते दार सताड उघडून, हात लांब करून 'या रांगेतले इकडून' म्हणाला की अख्खी रांग वळते. धक्काबुक्की नाही, काही नाही. म्हाताऱ्या बाईंना हात देणारा अनोळखी माणूस मी दर वेळी पाहिलाय.

1977 साली केंटकीतल्या बेव्हर्ली हिल्स सपर क्लबला आग लागली, 165 माणसं गेली. मोठ्या हॉलमध्ये विनोदी कार्यक्रम चालू होता. टेबलं आवरणारा 18 वर्षांचा पोरगा मंचावर चढला, माइक हातात घेतला आणि दारं कुठे आहेत ते दाखवून बाहेर पडायला सांगितलं. काहींना तो कार्यक्रमाचाच भाग वाटला, पण पुष्कळ जण उठले आणि वाचले. त्याला ना हुद्दा होता ना गणवेशाचा रुबाब. त्याने नेमकं काय करायचं ते सांगितलं, एवढंच.

आणि चेंगराचेंगरीचं म्हणाल तर तिथेही दोष माणसांच्या डोक्यावर मारायची घाई होते. एका चौरस मीटरमध्ये पाच-सहापेक्षा जास्त माणसं झाली की कुणाचंच पाऊल त्याच्या ताब्यात राहत नाही, गर्दी पाण्यासारखी हेलकावते. पुढे छाती दाबली जाऊन श्वास कोंडतो, पण मागच्याला पुढचं दिसतच नाही, तो सावकाश चालत येत असतो. पळतंय कोण त्यात? इंग्लंडमध्ये 1989 साली हिल्सबरोच्या फुटबॉल मैदानात हेच झालं. त्यात 97 जण गेले आणि बोल लावला गेला प्रेक्षकांना. त्यांचा दोष नव्हता, हे चौकशीतल्या ज्यूरीने म्हणायला 2016 उजाडलं. सत्तावीस वर्षं त्या घरांनी हे ऐकून घेतलं. म्हणून 'गर्दीला डोकं नसतं' हे वाक्य मला सहन होत नाही. दारं किती रुंद ठेवली, आत किती जणांना सोडलं, हे गर्दी ठरवत नाही.

रोखठोक

हिल्सबरोचं माहीत नव्हतं, वाचतो. पण मग रस्त्यात कुणी मारामारी करत असेल तर घोळका नुसता बघत उभा राहतो, त्याचं काय?

सावली

तोही समज तपासून पाहिलाय. न्यूयॉर्कमध्ये 1964 साली किटी जेनोव्हीझ या तरुणीचा खून झाला. 38 जणांनी बघितलं आणि कुणी काही केलं नाही अशी बातमी न्यूयॉर्क टाइम्समध्ये आली आणि ती पिढ्यानपिढ्या शिकवली गेली. बातमी अतिरंजित होती, हे खुद्द त्या वृत्तपत्रानेच पुढे मान्य केलं. 2019 साली ॲम्स्टरडॅम, लँकेस्टर आणि केपटाउनमधल्या सीसीटीव्हीवरच्या 219 भांडणांचा अभ्यास आला. दहापैकी नऊ प्रसंगांत बघ्यांपैकी कुणी ना कुणी मध्ये पडलं होतं, आणि बघे जितके जास्त तितकी कुणीतरी पुढे येण्याची शक्यता जास्त. मला वाटतं फरक असा, की भांडण डोळ्यांना दिसतं. धूर किंवा भोंगा म्हणजे नक्की काय, हे आधी ठरवावं लागतं, आणि अडतं तिथेच.

चौकस

खूप आभार सगळ्यांचे. आता कामाचं विचारते. मी ना मॅनेजर, ना सुरक्षा विभागातली. पुढच्या वेळी नुसतं उठण्यापलीकडे मी काय करू शकते?

विंगेतला माणूस

ताई, उठताना मोठ्याने बोला. 'आग असेल का हो?' असं विचारू नका, ते ऐकून लोक पुन्हा एकमेकांकडे बघतात. 'भोंगा वाजतोय, आपण जिन्याने खाली जातोय' असं सांगा. मग जवळच्या एकाचं नाव घ्या आणि त्याला एक काम द्या, बाथरूममध्ये कुणी आहे का बघून ये, किंवा लिफ्टपाशी थांबलेल्यांना जिन्याकडे वळव. नाव घेतलं की माणूस उठतोच, आणि तो उठला की सावली म्हणतात ती साखळी चालू होते. हेडफोनवाल्याच्या खांद्याला हात लावा.

आणखी एक, हे आजच करता येईल. तुमच्या मजल्याला दुसरा जिना असणार. आठवड्यातून एखाद्या दिवशी चार जणांना घेऊन घरी जाताना त्या जिन्याने उतरा. दार कुलूपबंद निघालं किंवा पायऱ्यांवर खोकी रचलेली दिसली तर त्याच दिवशी लेखी तक्रार करा.