सत्यजित राय यांचं पार्श्वसंगीत: संयम की संकोच?

मंद्रसप्तक:
परवा रायांचा 'चारुलता' (१९६४) पुन्हा पाहिला. सुरुवातीचाच प्रसंग घ्या. भलंमोठं घर, दुपार, चारु एकटी. झडपांआडून दुर्बिणीने रस्ता न्याहाळत ती या खिडकीतून त्या खिडकीत जाते. दुसऱ्या कुणी इथे व्हायोलिनांचा ताफा बसवला असता. राय रस्त्याला बोलू देतात, संगीत हळूच मागून येतं. रवींद्रनाथांच्या 'मम चित्ते निति नृत्ये' या गाण्याची चाल सिनेमात वाजते ती शब्दांविना. बंगाली माणसाला शब्द पाठच असतात, त्यामुळे न गाताही गाणं पोचतं. १९६१च्या 'तीन कन्या'पासून राय स्वतःच संगीत देऊ लागले. एवढ्या कमी सुरांत एवढं सांगणारा बंगाली सिनेमात दुसरा नाही.

पद्माकाठ:
शेवटचं वाक्य मला अजिबात मान्य नाही. ऋत्विक घटकांचा 'मेघे ढाका तारा' (१९६०) आठवा, संगीत ज्योतिरिंद्र मैत्र यांचं. निर्वासित कुटुंबासाठी राबणारी नायिका नीता जिना उतरते तेव्हा चाबकाचा आवाज येतो. तिथे चाबूक कुणाच्याच हातात नाही, तरी वळ आपल्या पाठीवर उठतो. फाळणीत घर गमावलेल्यांचं दुःख हळू आवाजात का सांगायचं? रायांच्या संगीतात मला भद्रलोकी, म्हणजे सुशिक्षित बंगाली मध्यमवर्गाचा, संकोच ऐकू येतो. रडायचं, पण शेजाऱ्याला कळता कामा नये!

मंद्रसप्तक:
संकोच नाही हो. 'पथेर पांचाली'त (१९५५) मुलगी दुर्गा गेल्याचं बापाला, हरिहरला, कळतं तेव्हा आईचा, सर्वजयाचा, हंबरडा ऐकूच येत नाही, त्या जागी तारशहनाई हे गजाने वाजवायचं तंतुवाद्य वाजतं. आवाज काढून घेतला म्हणून तर ते असह्य होतं.

पद्माकाठ:
पण ते संगीत रविशंकरांचं! आणि ती तारशहनाई काय दबक्या आवाजात आहे? टाहोच आहे तो. तुमचं उदाहरण माझ्याच बाजूचं निघालं.

खर्जातला:
मधेच बोलतो. 'गुपी गाइन बाघा बाइन' (१९६९) दोघांनीही सोडला. त्यातल्या भुतांच्या नृत्याचं संगीत रायांचंच आहे. चार प्रकारची भुतं आणि त्यांना मृदंगम, घटम, खंजिरा, मोरसिंग अशी दक्षिणेकडची वाद्यं. चांगला दणदणाट आहे. तेव्हा 'संयत' हा शिक्काच मला पटत नाही. चारुच्या घरात ते हळू बोलतात, कारण चारुच हळू बोलते.

मंद्रसप्तक:
तारशहनाईचं मान्य, उदाहरण चुकलं. पण भुतांच्या नाचाबद्दल नाही. तिथेही राय धून देतच नाहीत, नुसता ताल. एवढ्या धुमाकुळात सूर बाजूला ठेवणं, यालाच मी संयम म्हणतो.

पद्माकाठ:
आणि मला अजूनही तो चाबूकच हवा. नीतासारख्या बायका मी आमच्या घरात पाहिल्यात. त्यांच्यासाठी कुणीतरी मोठ्याने ओरडायला हवं होतं.