बी विंग ग्रुप: टँकरचं पाणी

सुलभाताई (२०३): आज परत चहाच्या रंगाचं पाणी. रात्री बादली भरून ठेवली होती. तळाला बोटभर गाळ बसला, पण वरचं पाणी मातकट ते मातकटच.

नितीन (५०१): चारपदरी फडक्याने गाळा.

सुलभाताई: गाळलं की. फडक्यावर काही आलं नाही.

कुलकर्णी सर (१०४): येणारच नाही. खाली बसली ती रेती. वर राहिलीय ती चिकणमाती, कण मिलिमीटरच्या हजाराव्या भागाहून बारीक. सगळ्यांवर ऋण प्रभार, म्हणून एकमेकांना ढकलतात, एकत्र येऊन जड होत नाहीत. शाळेत ज्याला कलिल म्हणायचो, ते हेच. अंधारात ग्लासला बाजूने मोबाइलचा टॉर्च लावा, आत उजेडाचा पट्टा दिसेल. मिठाच्या पाण्यात दिसत नाही.

आर्या (३०२): सर, केलं! पण मिठाच्या पाण्यातही थोडा दिसतोय.

कुलकर्णी सर: शाब्बास. पाकिटातल्या मिठात गुठळ्या होऊ नयेत म्हणून पूड घालतात, ती विरघळत नाही. साखर घेऊन बघ.

सुलभाताई: सासूबाई तुरटी फिरवायच्या.

कुलकर्णी सर: तेच करा. तुरटीतल्या ॲल्युमिनियमचा धन प्रभार मातीचा ऋण प्रभार मारतो. वर कापसासारखे पुंजके तयार होतात, माती त्यात अडकून खाली जाते. खडा चार-पाच वेढे फिरवा आणि तासभर बादलीला हात लावू नका.

नितीन: मग टीडीएस पण उतरेल ना? मीटरवर ६४० आलाय.

कुलकर्णी सर: नाही हो. टीडीएस म्हणजे विरघळलेले क्षार. तुरटीही विरघळते, आकडा उलट किंचित चढेल. आपल्या मानकात ५०० पर्यंत चांगलं, दुसरी सोय नसेल तर २००० पर्यंत चालवून घेतात. कमीच करायचा तर आरओ.

नितीन: उकळलं तर?

कुलकर्णी सर: वाफ जाते, क्षार बहुतेक पाण्यातच राहतात. थोडे भांड्याला चिकटतात, गीझरच्या कॉइलवर पांढरा थर दिसतो ना, तो. पण पिण्याचं पाणी उकळाच. तुरटीने जंतू मरत नाहीत.

सेक्रेटरी: रविवारी टाकी धुणार. ९ ते १२ पाणी बंद.

सुलभाताई: सर, निवळलं! बादलीचा तळ दिसतोय, त्यावर सायीसारखा थर.

कुलकर्णी सर: बादली न हलवता वरचं पाणी तांब्याने काढून घ्या.

नितीन: माझ्याकडे दाढीची तुरटी आहे. चालेल?

कुलकर्णी सर: ती दाढीलाच राहू द्या. वाण्याकडून नवा खडा आणा.