कॅरोनी काउंटीचा कारभार कोण पाहतं?
कॅरोनी ही कॅरिबियनमधल्या त्रिनिदाद बेटावरची एक काउंटी. काउंटी म्हणजे आपल्या जिल्ह्यासारखाच प्रकार, असं म्हटलं जातं, पण ते आज तरी लागू पडत नाही. त्रिनिदादच्या आठही काउंट्या नकाशावर उरल्यात, पण 1990 च्या कायद्यानंतर स्थानिक कारभार नगरपालिका आणि प्रादेशिक महामंडळांकडे (तिथल्या स्थानिक स्वराज्य संस्थांकडे) गेला. जुनी कॅरोनी आता वाटली गेलीय: शगुआनास ही स्वतंत्र नगरपालिका, बराचसा भाग कूवा-टबाकीट-तालपारो महामंडळाकडे आणि उत्तरेची काही गावं थेट टुनापुना-पियार्को महामंडळाकडे. कॅरोनी नदी ही उत्तरेची जुनी हद्द, पण नव्या आखणीने तीही जुमानलेली नाही.

वॉर्ड, म्हणजे काउंटीचे जुने उपविभाग, मात्र टिकून आहेत. जमिनीच्या दस्तात मिळकत अजूनही ‘वॉर्ड ऑफ शगुआनास’ अशीच लिहितात.

आणि जमीन कुणाची, हा प्रश्न इथे कायम ऐरणीवर. कॅरोनीतल्या वॉटर्लू गावी मजूर असलेल्या शिवदास साधू यांनी साखर कंपनीच्या जागेत देऊळ बांधलं. ते पाडलं गेलं, वर त्यांना तुरुंगवास. मग गड्याने किनाऱ्यालगतच्या उथळ समुद्रात सायकलवरून दगडमाती वाहून नेत भर घातली आणि तिथे देऊळ उभं केलं. तिथे कंपनीची मालकी नव्हती ना!