हेबियस कॉर्पस टाका, आठवड्यात मूल घरी (म्हणे!)

खडूस_वकील : काल इथे एका सद्गृहस्थांचा सल्ला वाचला : "बायको मूल घेऊन माहेरी गेली? फॅमिली कोर्टाच्या नादी लागू नका. हायकोर्टात हेबियस कॉर्पस टाका, आठवड्यात मूल घरी." खाली अंगठ्यांचा पाऊस! अहो, ही याचिका बेकायदा डांबलेल्याला कोर्टापुढे आणून सोडवण्यासाठी. आईच्या कुशीतलं तीन वर्षांचं पोर डांबलेलं कसं? हिंदूंच्या 1956 च्या अज्ञान-पालकत्व कायद्याचं कलम 6 बघा, पाच वर्षांखालचं मूल सहसा आईकडेच.

बापमाणूस : तो सद्गृहस्थ मीच. 2019 मध्ये मुंबई हायकोर्टाने याच याचिकेवर बापाला मुलगी दिली, सुप्रीम कोर्टाने ते कायम केलं. हे सोयीस्कर विसरलात? आणि तुमच्या फॅमिली कोर्टाची थोरवी नका सांगू. माझ्या भावाला लेक भेटते ती कोर्टातल्या खोलीत, मोडक्या खेळण्यांत, दारात बायकोचा मामा उभा. अंतरिम अर्जावर तारखाच पडतायत. पोरगी बापाला ‘काका’ म्हणायला लागलीय.

खडूस_वकील : निकाल पूर्ण वाचा. तिथे आई कर्करोगाने गेली होती, मूल मावशांकडे होतं. मावशी म्हणजे बायको नव्हे.

जर्सीची_सून : ते राहू द्या, आमचं काय? नवऱ्याच्या मारहाणीला कंटाळून मैत्रीण परदेशातून मुलाला घेऊन नाशिकला आली. तिकडच्या कोर्टाचा एकतर्फी आदेश, इकडे हेबियस कॉर्पस, दारात पोलीस. आळीत तीच चोर ठरली!

अण्णा_सदाशिवपेठ : आणि उलट झालं की? 1986 मध्ये एका बापाने अमेरिकन कोर्टाचा आदेश मोडून मिशिगनहून मुलगा आमच्या पुण्यात आणला. आई थेट सुप्रीम कोर्टात गेली, मूल घेऊन परतली. बापाने नेलं तर पळवलं, आईने नेलं तर सुटका? दुसऱ्या देशात नेलेलं मूल परत पाठवण्याच्या हेगच्या 1980 च्या करारात भारत नाही, म्हणून हे विमानाचे धंदे चालतात.

जर्सीची_सून : नाही तेच बरं! मार खाल्लेल्या बाईला पुन्हा त्याच गावी धाडायचं? 2017 मध्ये सुप्रीम कोर्टाने स्पष्ट केलंय, परदेशी आदेश हा विचारात घ्यायचा एक मुद्दा, मुलाचं हित वरचढ. तुम्ही पेठेत बसून न्याय वाटा.

अण्णा_सदाशिवपेठ : पेठ काढायचं कारण नाही. ‘हित’ म्हणजे ज्याचा वकील महाग त्याचं.

बापमाणूस : वकीलसाहेब, 2020 चा राजस्थानातला खटला बघा. मूल दुसऱ्या पालकाकडे असलं तरी हेबियस कॉर्पस चालते, असं सुप्रीम कोर्टच म्हणालंय. आईला मुलीसह अमेरिकेला परतायला लावलं.

खडूस_वकील : चालते हो, चालते! दाखल होणं आणि मूल मिळणं यात फरक आहे, एवढंच म्हणतोय. तिथे अमेरिकन कोर्टाचा आदेश होता. तुमच्या भावाकडे काय आहे? आणि ‘आठवड्यात’ कुठल्या निकालात लिहिलंय?

बापमाणूस : बरं, ‘आठवडा’ खोडतो. ‘टाका’ कायम.