'परिणामी बल' म्हणजे मराठीत काय म्हणावं?

संत्राबर्फी: भाच्याच्या क्लासच्या वर्कशीटवर आलेला प्रश्न, "६ न्यूटन व ८ न्यूटन या दोन बलांची संभाव्य एकत्रित ताकद कोणती? १, १०, १५, १८." पोट्ट्यानं केली बेरीज आणि म्हणतो मावशी, १४ ऑप्शनमध्येच नाही, प्रिंटिंग मिस्टेक आहे. आता दोन्ही बलं एकाच दिशेनं असली तर १४, अगदी उलट असली तर २, काटकोनात १०, बाकी कोनांना याच २ ते १४ मधलं काहीतरी, म्हणून उत्तर १०. पण 'एकत्रित' वाचल्यावर कोणीही बेरीजच करणार ना? मी म्हटलं 'परिणामी बल' (रिझल्टंट, म्हणजे दोन्ही बलांच्या जागी तेवढाच परिणाम करणारं एकच बल) लिहायचं होतं, तर जिजाजी म्हणाले ते हिंदी आहे. मग मराठी काय?

वर्धारोड: हिंदीचं सोडा, मराठीत 'परिणामी' म्हणजे 'त्यामुळे'. पाऊस आला नाही, परिणामी पेरण्या खोळंबल्या. आता "परिणामी बल शून्य आहे" हे वाचून पहा, पोरगं आधी काय घडलं ते शोधत बसते. 'फलित' चांगला.

कापूसकोंड्या: फलित अंडं असते भाऊ, नाहीतर पत्रिकेतलं फलित. 'निष्पन्न बल' म्हणा.

वर्धारोड: निष्पन्न म्हटलं की मले चौकशी समिती दिसते.

निवृत्तगुरुजी: परिणामी हिंदीतून आला हे जिजाजींनी कुठून काढलं? शब्द संस्कृत, दोघांचाही. आणि नागपूर १९५६ पर्यंत मध्यप्रदेशची राजधानी होतं, हिंदी मराठी दोन्ही राजभाषा, डॉ. रघुवीर याच शहरात राहून परिभाषा घडवत होते, तेव्हा आपल्याकडे तरी कोणता शब्द कोणाचा हे भांडण फुकाचं आहे. माझा आक्षेप 'ताकद'वर आहे. बलाला ताकद म्हणणं चूक.

कापूसकोंड्या: गुरुजी, मग 'बल' तरी कोण बोलते? आमच्याकडे बळ. बैल शब्दपण बळावरूनच आला.

निवृत्तगुरुजी: बैल प्राकृत 'बइल्ल'वरून. त्याच्या मागे बळ आहे की नाही ते तुम्ही जोडीला विचारा.

इतवारीचा_पोट्टा: तुमी लोक काय शब्द धरून बसून राहिले बे. आमच्याकडे दरवर्षी मार्चात कूलर वर चढवतात, दुसऱ्या माळ्यावर. दोन दोर, मी आणि माझा भाऊ गॅलरीत. जवळजवळ उभे राहिलो तर निम्मं निम्मं वजन येते. भाऊ एकदा पार त्या टोकाला जाऊन उभा राहिला, म्हणे ऐसपैस ओढू, अन् दोघांचीही कंबर गेली. नंतर इंजिनीअरिंगवाल्या मित्रानं सांगितलं, दोन दोरांत १२०° चा कोन झाला की दोघांनाही पुरा कूलर ओढावा लागते, म्हणजे ४० किलोचा कूलर तर तुमच्या हातात ४० आणि भावाच्या हातात पण ४०. दोन माणसं लावून काही फायदाच नाही. आम्ही त्याला फक्त 'जोर' म्हणतो. "दोघांचा मिळून जोर किती?"

वर्धारोड: 'मिळून'नं पुन्हा बेरीजच झाली की. आणि जोर फारसी.

इतवारीचा_पोट्टा: दोरानं हात सोलले तेव्हा कोणी विचारलं नाही फारसी का संस्कृत.

संत्राबर्फी: हे १२०° वालं भाच्याला सांगते, भारी आहे. पण मग वर्कशीटवर लिहायचं काय? 'निव्वळ बल' चालेल का?

कापूसकोंड्या: निव्वळ म्हणजे नुसतं. निव्वळ बळानं काही होत नाही, डोकंपण लागते. 😄

निवृत्तगुरुजी: निव्वळ नफा म्हणता तेव्हा 'नुसता नफा' असा अर्थ होतो का? वजावट करून उरलेलं ते निव्वळ. पण काटकोनात वजावट कशाची करणार, हा प्रश्न उरतोच. मी 'परिणामी'वर ठाम आहे.

वर्धारोड: परिणामी, आम्ही 'फलित'वर ठाम आहोत.

माळावरची: इतवारीवाले भाऊ, कूलरला ताट्या खसच्या लावता का लाकडी गवताच्या? आमच्या आईला 'खस' म्हटलेलं चालत नाही, 'वाळा' म्हण म्हणते.

इतवारीचा_पोट्टा: खस. वाळा माठात टाकतात.

निवृत्तगुरुजी: अहो, दोन्ही एकच!