जुन्या रशियन मूकपटात प्रेम केलेलं माणूस जगतच नाही काय?

खानापूरची_मी:
काल रात्री घरची सगळी झोपल्यावर रशियन दिग्दर्शक येवगेनी बाऊअरचा 'मृत्यूनंतर' बघितला, १९१५ चा. आंद्रेई मावशीजवळ राहतो, पुस्तकं नि फोटो काढणं सोडलं तर त्याला जगच ठाऊक नाही, झोया नावाची नटी चिठ्ठी पाठवून त्याला बागेत बोलावती आणि हा कोरडंच बोलून परत येतो, मग एक दिवस पेपरात वाचतो की तिनं विष घेतलं, आणि तिथनं पुढं हा तिच्यात गुंतत जातो. जिवंत होती तेव्हा का नाही रे! झोपच आली नाही मला. त्या काळचे सगळे पिक्चर असेच की काय?

निपाणीकर:
बरेचसे तसेच ताई. तिथल्या लोकांना शोकांतच लागायचा. काही पिक्चरना तर दोन शेवट करायचे, परदेशी जाणाऱ्या प्रतीला गोड आणि घरच्या प्रतीला मरण. अमेरिकन दिग्दर्शक ग्रिफिथच्या १९०९ च्या एका पिक्चरमध्ये बायको फोनवरनं नवऱ्याला बोलावती, दरोडेखोर दारात, नि नवरा वेळेत पोचतो. १९१४ ला रशियात प्रोताझानोवनं तीच गोष्ट केली खरं त्याच्यात नवरा उशिरा पोचतो.

शहापूर_नाटकवेडा:
आपल्याकडं बरोबर उलटं बघा. आपल्याच बेळगाव जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरचे अण्णासाहेब किर्लोस्कर, त्यांचं १८८० चं शाकुंतल घ्या, ताटातूट होते, रडवतं, खरं शेवटी राजा नि शकुंतला भेटतातच. आमची आज्जी तर म्हणायची, पडदा पडूस्तोवर दोघं एका जागी आली पायजेत, नाहीतर घरी जाऊन जेवण जात नाही. म्हणून मला पण हे रशियन पिक्चर पहिल्यांदा सोसले नाहीत. आता मात्र वाटतं, उशीर झाला म्हंजे झाला, हे इतकं खरं कुणी दाखवलंच नाही.
आणि ताई, झोयामागं खरी बाई आहे. येवलालिया कादमिना, गायिका नि नटी, १८८१ ला खार्किवमध्ये नाटक चालू असताना तिनं विष घेतलं. त्यावरनं रशियन लेखक तुर्गेनेवनं कथा लिहिली, पिक्चर त्या कथेवरचा.

निपाणीकर:
झोया झालेली वेरा कराली मॉस्कोच्या बोल्शोई थिएटरची बॅले नर्तिका होती, म्हणून नुसती उभी राहिली तरी नजर हलत नाही. पार्टीचा सीन परत बघा, कॅमेरा पाहुण्यांच्या गर्दीतनं किती वेळ सरकत राहतो आणि आंद्रेई त्यात कसा अवघडलाय. बाऊअर आधी नेपथ्य करायचा, खोलीची खोली त्याला कळायची. १९१७ लाच गेला बिचारा, न्यूमोनियानं.

खानापूरची_मी:
अगंबाई, खरी होती ती! आत्ताच वेरा खोलोदनायाचं वाचालोय, त्या काळची सगळ्यात मोठी नटी, १९१९ ला ओडेसात तापाच्या साथीत गेली, २५ वर्षांची. अंत्ययात्रेला अफाट गर्दी आणि त्याचं पण शूटिंग केलंय. पडद्यावर इतक्यांदा दुःख भोगलेली बाई, लोकांना ते घरातलंच मरण वाटलं असणार. पार्टीचा सीन आज रात्री परत लावते, लाईट बंद करून.